प्रेताने हसायचं असतं

मामा, ते लोक तुझं हसू वापरताहेत.

आज तुला जाऊन नववा दिवस. सकाळपासून एकच क्लिप मला इतक्या जणांनी पाठवली आहे की मी मोजणं सोडून दिलं. क्लिपमध्ये तू तिरडीवर आहेस. अंगावर पांढरं कापड, त्यावर शाल, शालीवर झेंडूचा ढीग, नाकात कापूस. बाजूला बायका रडताहेत. कुणीतरी ‘कट’ म्हणतं, रडणं बंद होतं, तू डोळे उघडतोस, कॅमेऱ्याकडे बघतोस आणि हसतोस. बस, एवढंच. याला मागे सनई जोडली आहे आणि खाली हिंदीत लिहिलंय की जाता जाताही हसून गेले. लोक हात जोडल्याची चिन्हं टाकताहेत.

तुला सांगायची गरज नाही, पण हे वाचणाऱ्यांना माहीत नसेल. तुमच्या धंद्यात रिवाज आहे. मेलेल्या माणसाचं काम केलेल्या नटाने उठण्याआधी कॅमेऱ्यात बघून हसायचं. भिंतीवर लावायच्या हारवाल्या फोटोसाठी नुसता चेहरा दिला तरी फोटो झाल्यावर हसायचं. मरण खोटं होतं, माणूस जिवंत आहे, याची ती नोंद. ते हसू टिपल्याशिवाय कॅमेरा बंद करत नाहीत. तू आनंदाने हसला नव्हतास. समाधानाने तर नाहीच नाही. ते कामाचा भाग होतं म्हणून तू हसलास, आणि त्यानंतर तुला उठता आलं नाही. क्लिप त्याच्या आधी संपते.

रविवारी इथे जयपूरला, बनी पार्कातल्या हॉलमध्ये तुझी शोकसभा आहे. निर्मात्यांच्या माणसाला तिथे ही क्लिप मोठ्या पडद्यावर दाखवायची आहे. माझ्या टेबलावर एक पत्रक पडलंय, छपाईला जाण्यासाठी तयार. चौमूंजवळच्या त्या शूटिंगवर काय झालं ते सगळं त्यात आहे. फक्त नावाची जागा रिकामी आहे. नाव टाकलं तर लोक वाचतील, कारण तुझा चेहरा अर्ध्या जयपूरला माहीत आहे. नाव न टाकता छापलं तर तो आणखी एक कागद. आणि तू हॉस्पिटलमध्ये मला म्हणाला होतास की पत्रकात माझं नाव नको, आणि मी ‘बरं’ म्हटलं होतं.

त्या ‘बरं’चं काय करायचं, तेवढं मला ठरवायचंय. पत्रकं मी हिंदीत लिहिते. हे मराठीत लिहितेय, कारण आपली भांडणं मराठीत व्हायची.

बाबांची बदली झाली तेव्हा मी अठराची होते. आईने कॉलेजसाठी मला तुझ्याकडे, तिच्या मोठ्या भावाकडे ठेवलं, ती मी आजपर्यंत तिथेच आहे. पहिल्याच आठवड्यात मी तुला विचारलं होतं, मामा, तू नक्की काय करतोस. आईने सांगितलं होतं की तू विम्याच्या ऑफिसातली नोकरी सोडून ‘सिनेमात वगैरे’ आहेस. तो ‘वगैरे’ मला कळत नव्हता. तू म्हणालास, “मुंबईवाले इथे किल्ला बघायला येतात. किल्ल्यासमोर उभा राहायला कुणीतरी लागतो. तो मी.”

वकील, मुनीम, लग्नातला भटजी, नवरीचा बाप, कोर्टात हातोडा आपटणारा जज्ज, ऑपरेशन थिएटरमधून बाहेर येऊन मान हलवणारा डॉक्टर. तीस वर्षं. तुझ्या बहुतेक माणसांना कागदावर नावंही नसायची. मग तू ती ठेवायचास. रात्रीच्या जेवणाला मामी वरण वाढायची आणि विचारायची, “आज कोण होतं?” तू सांगायचास. आजचे डॉक्टर सक्सेना, मूळचे अलवरचे, ॲसिडिटीचा त्रास, म्हणून ‘सॉरी’ म्हणताना हात पोटावर जातो. आजचा मुनीम बिचकून असतो, कारण घरात जावई येऊन राहिलाय. एका वाक्याच्या माणसाला तू सासरं, माहेर, दुखणं, सगळं द्यायचास. मी हसायचे. मला वाटायचं हा वेळ घालवायचा खेळ आहे. आता ते एपिसोड बघते तेव्हा कळतं की त्या गर्दीत माझी नजर तुझ्यावरच का जाते. त्या डॉक्टरचं पोट खरंच दुखत असतं.

सी-स्कीम भागात कानाला लावायच्या मशीनच्या होर्डिंगवर तुझा फोटो लागला होता. वर्षभर अनोळखी लोक तुझ्याशी ओरडून बोलायचे. तू एकालाही सुधारलं नाहीस. भाजीवाला घशाच्या शिरा ताणून भेंडीचा भाव सांगायचा आणि तू कानाशी हात नेऊन “क्या?” विचारायचास. मामी लाजेने दुसऱ्या गाडीकडे जायची.

हे सगळं मी तुला कधी चांगलं म्हणून सांगितलं नाही. मी तुला काय सांगितलं, तर तुझं शोषण होतंय.

चुकीचं नव्हतं ते. आजही नाही. पहाटे पाचला बस, अकरापर्यंत मेकअप करून नुसतं बसवून ठेवणं, मुंबईच्या नटांना व्हॅन आणि तुम्हाला भिंतीची सावली, ती सरकेल तसं तुम्ही सरकायचं. आम्ही सहा जण मंडळ काढून तुमच्यासारख्या कलाकारांसाठी काम करायला लागलो तेव्हा पहिलं पत्रक मी लिहिलं. त्यात एक परिच्छेद होता : ‘एक बुज़ुर्ग कलाकार, जो मजबूरी में इस उम्र में भी...’ नाव नव्हतं. तू घरी आलास, चष्मा लावलास, एकदा मनात वाचलंस. मग उभा राहिलास आणि मामीसमोर मोठ्याने वाचून दाखवलंस. आधी जज्जच्या आवाजात, मग सत्यनारायण सांगणाऱ्या भटजीच्या, मग मिशीला पीळ देणाऱ्या खलनायकाच्या. मामी हसून हसून खुर्चीत बसली. मीही हसले असते, पण तिसऱ्यांदा ‘मजबूरी’ शब्दापाशी तू थांबलास.

“काहून वं लीडर, मजबूर कोण?”

“मामा, तो तू नाहीस. तो एक प्रातिनिधिक...”

“गुडघ्याला हिरवा पट्टा बांधून येतो म्हणून लिहिलंस. हिरवा पट्टा माझाच आहे. मी नोकरी सोडून आलो या कामात, नोकरी गेली म्हणून नाही. मी नट आहे. तू मला भिकारी करून ठेवलंस, अन् तेही विनासंवाद.”

मी म्हटलं की सावलीत बसण्याचा हक्क मागणं म्हणजे भीक नाही. तू म्हणालास, सावली माग, जरूर माग, पण माझी दया नको मागू. मी म्हटलं, तू त्यांच्याच बाजूने बोलतोस. तू त्यानंतर तीन दिवस माझ्याशी फक्त ‘मीठ दे’ एवढंच बोललास.

ते भांडण संपलं नाही. आपण ते गुंडाळून ठेवलं.

आता दुसरी गोष्ट. ही मी कुठल्याच पत्रकात लिहिलेली नाही.

मागच्या उन्हाळ्यात एका सेटवर दोन बायका उन्हाने पडल्या, तेव्हा आम्ही निर्मात्यांकडे पाच मागण्या घेऊन गेलो. सावली, थंड पाणी, ॲम्ब्युलन्स, दुपारच्या उन्हात काम नाही, आणि कलाकारांच्या तब्येतीची तपासणी. चार मागण्यांवर ते लोक ‘देखेंगे’ म्हणाले. पाचवी लगेच मान्य केली. आम्हाला सेटवर डॉक्टर हवा होता. त्यांनी काय केलं, तर पंचावन्नच्या वरच्या प्रत्येक कलाकाराने येताना स्वतःचं फिटनेस सर्टिफिकेट आणायचं. पर्ची नाही तर काम नाही. त्यांचा त्रास मिटला, जबाबदारी तुमच्या खिशात गेली.

आणि मी त्याला विजय म्हटलं. त्या संध्याकाळी मी घरी प्याजच्या कचोऱ्या आणल्या. तू एक खाल्लीस, हात धुतलेस आणि “छान झालं” म्हणालास. मी तुझ्या तोंडाकडे बघितलंही नाही. बघितलं असतं तरी काय दिसलं असतं, तू नट होतास.

त्या दिवशी शूटिंगवर मी नव्हते. जे कळलं ते कपडेपट सांभाळणाऱ्या हनीफभाईंकडून. जूनचं ऊन, हवेलीचं उघडं अंगण. गोष्टीत हिवाळा, म्हणून ठाकूरसाहेबांच्या प्रेतावर गरम शाल. सीन एकच, पण आधी लांबून, मग वरून ड्रोनने, मग रडणाऱ्या सुनांचे चेहरे जवळून. प्रत्येक वेळी तू तिथे पडून. हनीफभाईंनी मधे एकदा विचारलं, “साहब, जवळचा शॉट आहे, तुम्ही फ्रेममध्ये नाही, सावलीत चला.” तू म्हणालास की सुनेला रडायला समोर कुणीतरी हवं. नाकातला कापूस काढतो म्हणाले तर म्हणालास, परत घालताना तसाच बसायचा नाही. मग कट, मग ते हसू, मग जेवणाची सुट्टी. सगळे उठून गेले. प्रेत हसलं म्हणजे प्रेत ठीक आहे, हे तिथे सगळ्यांना पाठ. तू हळूच उठतो म्हणालास. हनीफभाई शाल परत घ्यायला आले तेव्हा तू तसाच होतास आणि अंग तव्यासारखं लागत होतं. ॲम्ब्युलन्स नव्हतीच. सामानाच्या गाडीतून बांबूंच्या शेजारी झोपवून तुला जयपूरला आणलं.

मी त्यांना विचारलं, तो एकदाही चक्कर येतेय असं म्हणाला नाही का. हनीफभाई म्हणाले, “बेटा, ते कसं म्हणतील? निर्मात्यांकडे पर्ची जमा होती ना.”

मला तेव्हा कळलं नाही. हॉस्पिटलमध्ये कळलं. तरुण डॉक्टरीणबाईंनी मामीला विचारलं, आधी काही आजार, काही गोळ्या. मामीने पर्स उघडली आणि दोन वस्तू टेबलावर ठेवल्या. रक्तदाबाच्या गोळ्यांची पट्टी, अर्धी संपलेली. आणि तुझ्या फिटनेस सर्टिफिकेटची झेरॉक्स, ओळखीच्या डॉक्टरांकडून आणलेली, ज्यात तुला काहीही झालेलं नव्हतं आणि वयही सहा वर्षांनी कमी होतं. डॉक्टरीणबाई एकदा इकडे बघत होत्या, एकदा तिकडे. मामी माझ्याकडे बघत नव्हती.

माझ्या मागणीने तुला खोटं बोलायला लावलं होतं, मामा. आणि एकदा ते खोटं दिल्यावर उन्हात ‘मला बरं वाटत नाही’ म्हणायची सोयच राहिली नाही. म्हटलं असतं तर कागद खोटा पडला असता, आणि पुढचं काम कुणी दिलं नसतं.

दुसऱ्या दिवशी तू शुद्धीवर आलास. संध्याकाळचे पाच वाजले असतील. मला वाटलं तू पाणी मागशील.

“पापणी हलली का?”

“काय?”

“वरून घेतला ना शॉट. पापणी हलली का ते पाह्य. हनीफकडे असंल.”

मी म्हटलं, “मामा, तू मरता मरता वाचलायस आणि तुला पापणीचं पडलंय.”

“मेलेल्याचं काम सगळ्यात अवघड असतं वं. लोकांना वाटते नुसतं पडायचं.” मग तू कपाळाला आठी घातलीस. “ठाकूर होता तो. पण शेवटी बायकोवर रागावून गेला. म्हणून कपाळावर एक आठी ठेवली. दिसली पाहिजे.”

मला रडू येत होतं आणि मला ते रागासारखं बाहेर काढायची सवय आहे. मी म्हटलं की मी यांना सोडणार नाही, सगळं छापणार आहे, कोर्टात जाणार आहे. तू हात जरासा उचललास, सलाइन लावलेला.

“छाप. पण माझं नाव नको तुझ्या पत्रकात.”

“काहून?” मी तुझ्याच भाषेत विचारलं.

“तू माझ्यापुढे बिचारा लिहिशील.”

मी ‘बरं’ म्हटलं. मला म्हणायचं होतं, नाही लिहिणार. मला सांगायचं होतं की चौकात माइक हातात घेऊन उभी राहते तेव्हा शेवटच्या शब्दाआधी श्वास घेऊन थांबायचं, हे मी तुझ्या जज्जकडून चोरलंय. लोक त्या थांबण्यालाच ऐकतात. कचोऱ्यांच्या दिवसाबद्दल माफी मागायची होती. नर्स आली, वेळ संपली म्हणाली. उद्या बोलू असं ठरवून मी बाहेर पडले. पहाटे तू गेलास.

इथवर लिहून मी थांबले होते. मध्ये पाच दिवस गेले. शोकसभा झाली.

सभेच्या आदल्या दिवशी निर्मात्यांचा माणूस घरी आला. पांढरा कुडता, हातात टॅब. मामी, जिने पस्तीस वर्षं शाळेत गणित शिकवलं, त्याच्यासमोर बसली. तो म्हणाला, “आंटीजी, छोटी सी क्लिप है. लोगों को अच्छा लगेगा.”

“वो हँस नहीं रहे थे, भैया. ड्यूटी कर रहे थे.”

“आंटीजी, यादगार रहेगी.”

“मेरे पास यादें हैं. आप चाय लीजिए.”

त्याने चहा घेतला. क्लिप लागली नाही. हॉलमध्ये त्या ऐवजी मामीने उभं राहून तुझ्या माणसांची नावं सांगितली. डॉक्टर सक्सेना, जावयाला घाबरणारा मुनीम, आणखी बरीच, मला माहीत नसलेलीसुद्धा. आधी लोकांना कळेना, ही कुणाची नावं. मग मागच्या रांगांतून, जिथे तुझ्याबरोबर काम केलेले बसले होते, तिथून कुणी कुणी एखादं नाव पुरवायला लागलं.

घरी आल्यावर मी तिच्यापुढे पत्रक ठेवलं. तिने पेपर तपासावा तसं वाचलं.

“यात ते सर्टिफिकेट कुठे आहे?”

“मामी, ते लिहिलं तर ते लोक म्हणतील की त्याने फसवलं. सगळं त्याच्यावर ढकलतील.”

“ढकलू दे. कागद माझ्या पर्समध्ये होता. मला माहीत होतं. तुला माहीत नव्हतं, पण तो नियम आला कुठून हे तुला माहीत होतं.” तिने कागद परत दिला. “अर्धं उत्तर लिहून मार्क मागू नकोस.”

मी सगळं पत्रक पुन्हा लिहिलं. ऊन, शाल, सामानाची गाडी, सगळं ठेवलं. मग लिहिलं की तब्येतीच्या तपासणीची मागणी आमची होती, ती पर्चीवर येऊन थांबली तेव्हा आम्ही आनंद केला, आणि त्या पर्चीमुळे म्हातारे कलाकार आपलं दुखणं लपवून उन्हात पडून राहतात. एक नट त्यातच गेला. पर्ची बंद करा, डॉक्टर सेटवर आणा. ‘बिचारा’ नाही, ‘मजबूरी’ नाही. तुझं नाव नाही. आमची पत्रकं कधी कुणा एकाच्या नावाने निघत नाहीत. या पत्रकाखाली मी माझं नाव घातलंय. मंडळातले दोघे रागावलेत. म्हणतात, तू निर्मात्यांच्या हातात कोलीत दिलंस. असेल. मी त्यांच्याशी भांडतेय.

आज सकाळी स्टेशनजवळ, जिथून कलाकारांची बस सुटते, तिथे मी गठ्ठा आणि सह्यांचा कागद घेऊन गेले. पहिलं पत्रक शांताजींना दिलं. त्यांना तू ओळखतोस, शंभर वेळा तुझी बायको झाल्यात, आता आज्या करतात. केस नुकतेच काळे केलेले होते. त्यांनी उभ्या उभ्या पूर्ण वाचलं. वाचताना ओठ हलत होते. नाव नव्हतं तरी कोण ते त्यांनी विचारलं नाही. घडी घालून पर्समध्ये ठेवताना त्या म्हणाल्या, “पर्ची बंद हुई तो वो बूढ़ों को बुलाना ही बंद कर देंगे, बेटा. ये सोचा है?”

माझ्याकडे उत्तर असतं. नेहमी असतं. मी तोंड उघडलं आणि मग खरं ते सांगितलं. “नहीं.”

“तो सोच ले. शाम को लौटूँगी, तब दस्तखत का देखेंगे.”

त्या बसमध्ये चढल्या. बस चौमूंच्या रस्त्याला लागली. मी अजून तिथेच आहे, चहाच्या टपरीच्या बाकावर, गठ्ठा मांडीवर घेऊन विचार करतेय, मामा. आठ वाजलेत आणि बाक आत्ताच चटके द्यायला लागलाय.